साहेबांना आत टाकायचंय की पैसे हवेत?

या वेळचं पत्र नाशिक रोडहून आलंय. थोडं कापून देतो. कार्यालयाचं नाव आणि माणसांची नावं गाळली आहेत.

‘माझे वडील एका अनुदानित शाळेत कनिष्ठ लिपिक होते. निवृत्तीच्या वेळी वेतननिश्चिती चुकली होती असं सांगून त्यांच्या उपदानातून (ग्रॅच्युइटीतून) 2 लाख 86 हजार 400 रुपये कापले. आम्ही मुंबई उच्च न्यायालयात रिट केली. गेल्या वर्षी 20 जूनला निकाल आमच्या बाजूने लागला. आदेशाची प्रत मिळाल्यापासून आठ आठवड्यांत रक्कम सहा टक्के व्याजासह परत करा, असं त्यात लिहिलं आहे. जुलैमध्ये मी प्रत घेऊन कार्यालयात गेलो. टेबलावरच्या कारकुनाने तिचा मोबाइलवर फोटो काढून घेतला. त्यानंतर माझ्या अकरा खेपा झाल्या. कधी फाईल वर गेलीय, कधी आम्ही अपिलात जातोय, आता म्हणतात साहेब सिंहस्थाच्या मिटिंगला गेलेत. मला अवमान याचिका टाकायची आहे. साहेबांना कोर्टात उभं केलेलं आणि तिथून आत टाकलेलं मला बघायचं आहे. नाशिकच्या कोर्टात टाकता येईल का? आई म्हणते, वैर घेऊ नका, पेन्शन अडवतील. — एक मुलगा, जेल रोड.’

तुमच्या पत्रातल्या एका ओळीवर मी अडकलो. ‘मोबाइलवर फोटो काढून घेतला.’

अहो, आवक क्रमांक कुठाय? शिक्का कुठाय? तारखेनिशी सही कुठाय? अकरा खेपा घातल्यात, पण त्यातल्या एकीचाही कागद तुमच्याकडे नाही. उद्या न्यायमूर्तींसमोर त्या कार्यालयाचे वकील शांतपणे सांगतील, ‘आमच्याकडे आदेशाची प्रत आलीच नाही, त्यामुळे आठ आठवडे अजून सुरूच झालेले नाहीत.’ कारकुनाच्या मोबाइलमधला फोटो तुम्ही कसा सादर करणार?

रागावू नका. मी नोकरीतली सहा वर्षं एका सरकारी कार्यालयात ‘कोर्ट केसेस’च्या टेबलावर काढली आहेत, म्हणून पलीकडच्या बाजूने थोडं सांगतो. तुम्हाला वाटतं साहेब मुद्दाम पैसे अडवून बसलेत. असेलही. पण बहुतेक वेळा काय होतं ते सांगू? निकाल लागला की सरकारी वकिलांचा अभिप्राय येतो, अपील करण्याजोगं आहे की नाही. तो अभिप्राय टिपणीला जोडून फाईल वर जाते. वरचे आणखी वर अभिप्राय मागतात. मग लेखाशाखा लिहिते की या लेखाशीर्षाखाली, म्हणजे खर्चाच्या या सदरात, तरतूद नाही. मधल्या काळात कारकून बदलतो, साहेब बदलतात. आणि खरी गोष्ट अशी की पैसे द्यायच्या टिपणीवर सही केली तर उद्या लेखापरीक्षणात आक्षेप निघेल ही भीती प्रत्येकाच्या मनात असते. सही न केल्याबद्दल मात्र कुणी विचारत नाही. सरकारी काम आणि सहा महिने थांब ही म्हण आळशीपणावरून पडली असं लोक समजतात. मला तरी तिच्यात भीती जास्त दिसली.

एका निवृत्त ड्रायव्हरची फाईल माझ्याच टेबलावर पाच महिने होती. तीन वेळा टिपणी लिहिली, तिन्ही वेळा ‘चर्चा करावी’ असा शेरा येऊन परत आली. चर्चा कुणी केली नाही. मीही आठवण करून दिली नाही, हे आज कबूल करतो. तो माणूस दर सोमवारी यायचा, खिडकीपाशी उभा राहायचा, काही बोलायचा नाही. मग एक दिवस वकिलाची नोटीस आली. पाकिटावर नेहमीप्रमाणे पदनाम नव्हतं, साहेबांचं स्वतःचं नाव होतं, आडनावासकट. शिपायाने ते पाकीट नेऊन दिलं आणि पाच मिनिटांत आतून बेल वाजली. तिसऱ्या दिवशी देयक कोषागारात होतं. तीच तरतूद, तेच लेखाशीर्ष.

तेव्हा तुमचं काम असं आहे, की हा आदेश एका खऱ्या नावाच्या माणसापर्यंत पोचला आणि त्याने तो पाळला नाही, हे कागदावर दिसलं पाहिजे. न्यायालय अवमान अधिनियम 1971 मध्ये दिवाणी अवमानाची व्याख्या आहे, ती न्यायालयाच्या आदेशाची हेतुपुरस्सर अवज्ञा अशी. सगळं ओझं ‘हेतुपुरस्सर’ या एका शब्दावर आहे. उशीर झाला, गोंधळ झाला, तरतूद नव्हती, ही उत्तरं त्या शब्दातून निसटण्यासाठीच दिली जातात. ज्याला माहीत होतं, ज्याला करता येत होतं आणि ज्याने केलं नाही, असा माणूस तुम्हाला दाखवावा लागतो.

आता कॅलेंडर घ्या. याच कायद्याच्या कलम 20 प्रमाणे अवमान घडल्यापासून एक वर्षाच्या आत याचिका दाखल व्हायला हवी. अवमान घडला कधी? मुदत संपली तेव्हा. तुमच्या आदेशात ‘प्रत मिळाल्यापासून’ असं आहे, पण सरकारी वकील 20 जूनला कोर्टात हजर होते. त्यांनी लगेच कळवलं असं धरलं, तर आठ आठवडे 15 ऑगस्टला संपले. म्हणजे सगळ्यात कडक हिशेबाने तुमचं वर्ष येत्या 15 ऑगस्टला भरतं. अवमान रोजच चालू आहे, तेव्हा वर्ष कसलं मोजता, असं सांगणारे वकिलांच्या बाररूममध्ये भेटतील. त्या वादात तुम्ही पडू नका. कडक हिशेब धरा.

आणि त्याच वेळी दुसरी बाजूही बंद करून टाका. मे संपत आलाय. आदेशाची प्रमाणित प्रत काढा. 1 जूनला वडिलांच्या सहीच्या अर्जासोबत ती कार्यालयाच्या आवक शाखेत द्या, तुमच्या प्रतीवर क्रमांक, तारीख आणि शिक्का घ्या. आवकवाला म्हणेल, साहेबांना दाखवून आणा. दाखवायचं नाही. टपाल घेणं हे त्याचं काम आहे. तरी घेतलं नाही तर बिटको चौकातून घरी जाण्याआधी पोस्टात वळा आणि स्पीड पोस्टाने पोचपावतीसह पाठवा. खरं तर घेतलं तरीही पाठवा. 1 जूनपासून आठ आठवडे 27 जुलैला संपतात. म्हणजे ‘आम्हाला प्रत आत्ताच मिळाली’ असं ते म्हणाले तरी त्यांची मुदत जुलैत संपते आणि तुमचं वर्ष ऑगस्टच्या मध्यापर्यंत शाबूत राहतं. दोन्ही हिशेबांत तुमची याचिका वेळेत बसते. मधे जेमतेम अडीच आठवड्यांची फट आहे, म्हणून वकिलांना कागद आधीच तयार ठेवायला सांगा. 28 जुलैला सुरुवात करू म्हणालात, तर शपथपत्र, नोटरी, पानांचे क्रमांक, कार्यालयाचे आक्षेप यातच ऑगस्ट उजाडेल.

त्याच दिवशी माहिती अधिकाराचा अर्जही द्या. दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावायचा. प्रश्न थोडेच आणि नेमके हवेत. हा आदेश तुमच्या कार्यालयात कोणत्या तारखेला, कोणत्या आवक क्रमांकाने नोंदला गेला? तेव्हापासून आजपर्यंत त्या पदावर कोण कोण होतं, नाव आणि कालावधी द्या. या प्रकरणातल्या टिपणीच्या पानांच्या प्रती द्या. ‘माझे पैसे का दिले नाहीत’ असा प्रश्न विचारू नका. ‘का’चं उत्तर देणं माहिती अधिकारात बसत नाही, म्हणून अर्ज परत येतो. उत्तराला तीस दिवसांची मुदत आहे, म्हणजे जुलैच्या पहिल्या आठवड्यात ते तुमच्या हातात असावं. त्या पानांवर कुणी काय शेरा मारला, फाईल कुणाकडे किती दिवस पडून राहिली, हे सगळं साहेबांच्याच अक्षरात मिळतं. मी त्या टेबलावर बसलेला माणूस सांगतोय, या तीन प्रश्नांची आम्हाला जेवढी भीती वाटायची तेवढी मोर्च्याची वाटत नव्हती.

नावं कशाला? कारण रिट याचिका पदाविरुद्ध चालते, अवमान माणसाविरुद्ध. गेल्या वर्षी बसलेले साहेब बदलून गेले असतील तर नव्या साहेबांना जुन्याच्या पापासाठी थेट ओढता येत नाही. पण नव्या साहेबांना 1 जूनला प्रत मिळाली आणि तेही आठ आठवडे गप्प बसले, तर मग ते त्यांचं स्वतःचं. म्हणून पाकिटावर पदनामासोबत नाव लिहा. वकिलाची नोटीसही तशीच जाऊ द्या. भाषा थंड ठेवा. ‘तुम्हाला तुरुंगात टाकू’ वगैरे त्यात नको.

तुरुंगाचा विषय निघालाच आहे. तुम्ही जेल रोडला राहता, रोज मध्यवर्ती कारागृहाच्या भिंतीवरून जाता, तेव्हा मनात येणं साहजिक आहे. कायद्यात शिक्षा आहे सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा दोन हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. आणि लगेच पुढे असंही आहे, की न्यायालयाचं समाधान होईल अशी माफी मागितली तर शिक्षा माफ होऊ शकते. तुमच्यासारख्या प्रकरणात सर्वसाधारणपणे चित्र असं दिसतं: नोटीस निघते, पुढच्या तारखेला धनादेशाची झेरॉक्स आणि बिनशर्त माफीचं शपथपत्र येतं, याचिका निकाली निघते. ज्याला पैसे हवेत त्याला हे पुरेसं आहे. ज्याला साहेब आत गेलेले बघायचेत त्याचा विरस होतो.

अगदीच कुणी जात नाही असंही समजू नका. 2006 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने आपल्या राज्याचे मंत्री स्वरूपसिंग नाईक आणि वनखात्याचे प्रधान सचिव अशोक खोत यांना एक एक महिन्याची साधी कैद सुनावली होती. न्यायालयाचे आदेश असताना सॉ मिलना (लाकूड कापायच्या गिरण्यांना) परवानगी दिली म्हणून. गेल्या वर्षी, मे 2025 मध्ये, आंध्र प्रदेशातल्या एका उपजिल्हाधिकाऱ्याला सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा तहसीलदार करून टाकलं आणि वर एक लाख रुपये दंड केला. उच्च न्यायालयाचा आदेश असताना त्याने तहसीलदारपदावर असताना लोकांच्या झोपड्या पाडल्या होत्या. पण ही दोन्ही उदाहरणं उघड धुडकावून लावण्याची आहेत. तुमच्या साहेबांनी काही धुडकावलेलं नाही. त्यांनी फाईल झाकून ठेवली आहे.

आणि ‘कोर्टात उभं केलेलं’ हे जे तुम्ही लिहिलंत, तेही तितकंसं हाती लागणार नाही. 3 जानेवारी 2024 ला सर्वोच्च न्यायालयाने अधिकाऱ्यांना हजर राहायला सांगण्याबाबत कार्यपद्धतीच घालून दिली. ऊठसूट बोलवायचं नाही, बोलवायचं तर आधी व्हिडिओवरून. मला ते पटतं. साहेब दिवसभर मुंबईला कोर्टाच्या बाकावर बसले तर इकडे आणखी चाळीस जणांच्या फाईली त्या दिवशी हलत नाहीत. त्या चाळीसांत तुमच्यासारखाच कुणीतरी असतो.

आणखी एक. अवमान हा न्यायालय आणि तो अधिकारी यांच्यातला मामला. तुम्ही फक्त लक्षात आणून देणारे. न्यायालयाने ‘शिक्षा करण्याजोगं काही नाही’ म्हणून याचिका बंद केली, तर कलम 19 खालचं अपील तुम्हाला नाही. ते शिक्षा झालेल्या माणसासाठी आहे.

नाशिकच्या कोर्टात टाकता येईल का, असं विचारलंत. सीबीएसजवळ (मध्यवर्ती बसस्थानकाजवळ) कोर्ट आहे, मोह होणारच. पण ज्या न्यायालयाचा आदेश, त्यानेच बघायचं. त्यामुळे मुंबईला जाणारी पंचवटी एक्स्प्रेस काही चुकत नाही. (जळगाव, धुळे, नगरवाले छत्रपती संभाजीनगरच्या खंडपीठात जातात, आपण मुंबईला. का, ते विचारू नका.) जिल्ह्यातल्या दिवाणी न्यायालयाने बांधाच्या किंवा रस्त्याच्या भांडणात मनाई हुकूम दिला असेल आणि समोरच्याने तो मोडला, तर गोष्ट वेगळी. तिथे दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 39 नियम 2-अ प्रमाणे त्याच न्यायालयाकडे जाता येतं, मालमत्ता जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते. या सदराला येणाऱ्या पत्रांत तशी प्रकरणं बरीच असतात, म्हणून जाता जाता सांगितलं.

‘अपिलात जातोय’ याचं काय? जाऊ देत. उच्च न्यायालयाच्या निकालावर सर्वोच्च न्यायालयात जायला साधारण नव्वद दिवस असतात, ते कधीच उलटून गेले. उशीर माफ करून घेऊन ते जाऊही शकतात. पण नुसतं अपील केल्याने आदेश थांबत नाही, स्थगिती मिळाली तरच थांबतो. पुढच्या वेळी कुणी तोंडाने ‘अपील’ म्हणालं की त्याच्याकडे स्थगितीचा आदेश लेखी मागा. खरंच अडचण होती तर सरळ रस्ता होता, मुदत संपायच्या आत न्यायालयाकडे मुदतवाढ मागायची. ती मागितली का, हे टिपणीच्या पानांत दिसेलच.

कदाचित ते वडिलांनी कधीतरी लिहून दिलेलं हमीपत्र बाहेर काढतील, ‘जादा रक्कम परत करीन’ असं. घाबरू नका. वर्ग तीन आणि चारच्या कर्मचाऱ्यांकडून, निवृत्त झालेल्यांकडून अशी वसुली करू नये, हे सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर 2014 मध्ये रफिक मसीह प्रकरणात सांगितलं आणि बहुधा त्याच जोरावर तुम्ही जिंकलात. हमीपत्राचा मुद्दा मांडायचा होता तो रिटमध्ये. अवमानाच्या सुनावणीत मूळ खटला पुन्हा लढता येत नाही, ना त्यांना, ना तुम्हाला.

हे ‘ना तुम्हाला’ जरा नीट वाचा. तुमच्या सुदैवाने तुमच्या आदेशात ‘परत करा’ असं स्पष्ट आहे. पुष्कळांच्या आदेशात शेवटी एवढंच असतं, की अर्जदाराच्या निवेदनावर अमुक आठवड्यांत निर्णय घ्या. लोक पेढे वाटतात. कार्यालय नेमका निर्णय घेतं आणि तो असतो ‘अमान्य’. आदेश पाळला गेला! त्याविरुद्ध अवमान होत नाही, नवी रिट करावी लागते. म्हणून निकालाचा शेवटचा परिच्छेद वकिलांकडून शब्दशः समजून घ्यावा. बाकीची पानं अभिमानाने वाचण्यासाठी असतात.

आईंच्या भीतीबद्दल. निवृत्तिवेतन मंजूर होऊन सुरू आहे, ते साहेबांच्या मर्जीवर थांबत नाही. थांबवलंच तर तुमच्या याचिकेला त्याहून चांगला पुरावा नाही. पण ‘वैर’ हा शब्द आईंनी वापरलाय, त्याला उत्तर म्हणून एवढंच करा: कार्यालयात गेलात की आवाज चढवू नका. त्या कारकुनाशी तर मुळीच नाही. उद्या देयक तोच तयार करणार आहे. आणि त्याने ‘काहीतरी बघा म्हणजे लवकर होईल’ असं सुचवलं, तर एक पैसा देऊ नका. 2018 पासून लाच देणाराही गुन्हेगार ठरतो. सक्तीने द्यावी लागली तर सात दिवसांत कळवलं पाहिजे. 1064 हा लाचलुचपत प्रतिबंधक विभागाचा नंबर फोनमध्ये असू द्या.

आता हिशेब. 2 लाख 86 हजार 400 वर सहा टक्क्यांनी वर्षाला 17 हजार 184 रुपये, रोजचे सुमारे 47. ही फाईल जितके दिवस झाकलेली राहील तितके दिवस रोज 47 रुपये सरकारी तिजोरीतून, म्हणजे तुमच्या-माझ्या खिशातून, वाढत जातात. साहेबांच्या पगारातून नाही. नोटिशीत हा आकडा कपातीच्या तारखेपासून मोजून घालायला वकिलांना सांगा. टिपणी लिहिणाऱ्याला आयता आकडा मिळाला की फाईल एका टेबलाने पुढे सरकते, हाही अनुभव.

याचिकेवर आणि शपथपत्रावर सही वडिलांची लागेल, तुमची नाही. रिट त्यांच्या नावावर आहे. सह्या एकाच दिवशी नाशिकमध्येच नोटरीसमोर करून घ्या. त्यांना तारखेला मुंबईला नेऊ नका. पहाटे उठून पंचवटी पकडायची, दिवसभर कोर्टातल्या नंबरांच्या बोर्डाकडे बघत बसायचं आणि नंबर न लागता परत यायचं, हे या वयात त्यांनी कशाला सोसायचं? तुम्ही जा. डबा बरोबर घ्या.